शेवटच्या रांगेपासून लेन्सपर्यंत: प्रायोगिक नटाने स्वतंत्र सिनेमासाठी करायची तयारी

प्रायोगिक नाटक करणाऱ्या नटाला पहिल्या शूटिंगला हमखास ऐकू येणारं वाक्य म्हणजे ‘थोडं कमी कर’. नट ते प्रामाणिकपणे पाळतो. आवाज उतरवतो, हात आवरतो, चेहरा मिटवून घेतो. मग मॉनिटरवर टेक बघताना दिग्दर्शकाला प्रश्न पडतो, की प्रयोगात पाहिलेला तो माणूस गेला कुठे? घोटाळा ‘कमी’ या शब्दात आहे. नाटकात नट जे करतो ते शेवटच्या रांगेतल्या माणसापर्यंत जावं म्हणून करतो. कॅमेऱ्यासमोर हे अंतर आटतं, आतला जोर मात्र तेवढाच लागतो. जोर काढून टाकला तर उरतो तो नुसता शांत चेहरा, आणि पडद्यावर तो दगडासारखा दिसतो. खालची सगळी तयारी या अंतराची आहे.

मराठीत ही वाट जुनी आहे. मुंबईत दादरच्या छबिलदास शाळेतली प्रायोगिक नाटकांची चळवळ १९७४ला सुरू झाली, त्याआधीच १९७१ साली सत्यदेव दुबे यांनी ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ पडद्यावर आणलं आणि त्यातली मुख्य भूमिका, बेणारेबाई, केली ती रंगभूमीवरच्याच सुलभा देशपांडे यांनी. मोहन आगाशे पुण्याच्या थिएटर अकॅडमी या नाट्यसंस्थेतून आले. पुढच्या पिढ्यांत गिरीश कुलकर्णी, अमृता सुभाष, गीतांजली कुलकर्णी, आलोक राजवाडे यांनी नाटक न सोडता स्वतंत्र सिनेमा केला. म्हणजे नाटकवाल्याला कॅमेरा जमत नाही हा समज निराधार आहे. तयारी न करता गेलेल्या नाटकवाल्याला मात्र तो खरोखरच जड जातो.

सहा आठवडे आधी: फोनसमोरचा सराव

फोन डोळ्यांच्या उंचीवर, एक मीटरवर, आडवा ठेवा. छातीपासून वर एवढीच चौकट. तुमच्या एखाद्या नाटकातला आठ-दहा ओळींचा उतारा घ्या, जो झोपेतही म्हणता येईल, म्हणजे पाठांतराकडे लक्ष जाणार नाही. तो तीनदा रेकॉर्ड करा: एकदा भरत नाट्य मंदिराच्या शेवटच्या रांगेसाठी, एकदा टेबलापलीकडे बसलेल्या माणसासाठी आणि एकदा शेजारी मूल झोपलंय असं समजून.

आता तिन्ही आधी आवाज बंद करून बघा. बहुतेकांच्या बाबतीत त्याच त्या गोष्टी सापडतात. प्रत्येक आघाताला भुवया वर जातात. वाक्य संपलं की डोळे मिटतात. समोरच्याचं ऐकताना मान सतत होकार देत राहते. श्वास घेताना खांदे उचलले जातात. प्रेक्षागृहात यातलं काहीच खटकत नाही, क्लोजमध्ये, म्हणजे चेहऱ्याच्या जवळून घेतलेल्या शॉटमध्ये, मात्र भुवई हाताएवढी मोठी होते. सगळ्या सवयी एकदम मोडायला जाऊ नका, चेहरा लाकडी होतो. एका आठवड्याला एकच सवय धरा, रोज वीस मिनिटं. भुवयांसाठी साधा उपाय म्हणजे कपाळावर कागदी टेप लावून उतारा म्हणायचा. भुवई उचलली की टेप ताणली जाते, आपोआप कळतं.

मग डोळे मिटून फक्त ऐका. तिसऱ्या रेकॉर्डिंगमध्ये वाक्यांची शेपटं गिळली गेली असतील. मराठीत हे फार महागात पडतं, कारण आपला नकार वाक्याच्या शेवटी येतो. ‘मी तिथे गेलो नाही’ यातलं ‘नाही’ हवेत विरलं की अर्थच उलटतो, आणि साऊंडवाला न उच्चारलेला शब्द वाढवून देऊ शकत नाही. आवाज लहान करताना पोटातला श्वास तोच ठेवायचा, फक्त फेक एक मीटरची करायची. नाटकात शेवटच्या शब्दापर्यंत वाक्य धरून ठेवायची जी शिस्त अंगात भिनलेली असते ती इथे टाकून देऊ नका. पहिल्यांदा शूटिंग करणारे नेमकं हेच करतात, कारण त्यांना तो नाटकीपणा वाटतो.

शेवटचे दोन आठवडे संवादाआधीच्या शांततेवर द्या. नाटकात विचार वाक्यावर स्वार होऊन येतो. कॅमेऱ्याला तो वाक्याच्या आधी डोळ्यांत दिसतो. उतारा सुरू करण्याआधी दहा सेकंद रेकॉर्डिंग चालू ठेवा आणि त्या वेळात पात्राला समोरच्याकडून नेमकं काय हवंय एवढंच मनात धरा. चेहऱ्याने काही दाखवायचं नाही. बघताना त्या दहा सेकंदांत कंटाळा आला, तर मनात धरलेली गोष्ट धूसर होती असं समजा. ‘तो दुःखी आहे’ हे धूसर झालं. ‘तिने किल्ली परत द्यावी’ हे नेमकं.

रील आणि सेल्फटेप

रील म्हणजे कास्टिंग करणाऱ्याला दाखवायची, आपल्या कामाचे निवडक तुकडे जोडलेली चित्रफीत. नाटकाच्या प्रयोगाचं रेकॉर्डिंग तिच्यात घालू नका. लांबून घेतलेल्या चित्रात चेहरा दिसत नाही, फेकलेला आवाज ओरडल्यासारखा वाटतो, आणि कास्टिंग करणारा दहा सेकंदांत पुढे जातो. रील दीड-दोन मिनिटांचं, सर्वांत चांगला तुकडा सुरुवातीला. हातात काहीच नसेल तर दोन मित्रांच्या मदतीने दोन छोटे प्रसंग चित्रित करा, एक बोलण्याचा आणि एक फक्त ऐकण्याचा. ऐकण्याचा तुकडा फारसं कोणी पाठवत नाही, म्हणून तो लक्षात राहतो.

सेल्फटेपसाठी, म्हणजे घरीच रेकॉर्ड करून पाठवायच्या ऑडिशनसाठी, खिडकी समोर घ्या, पाठीमागे नाही. मागे साधी भिंत. पंखा बंद, फोन फ्लाइट मोडवर. समोरचे संवाद वाचणारा माणूस लेन्सला अगदी चिकटून उभा राहिला पाहिजे. तो हातभर बाजूला गेला तर तुमचा एकच डोळा दिसतो. त्याचा आवाज तुमच्यापेक्षा हलका हवा, कारण फोनच्या माइकला तोच जवळ असतो. नाव, उंची, राहण्याचं शहर, येणाऱ्या बोली आणि प्रयोगांच्या ठरलेल्या तारखा सांगा. दोन टेक पाठवा, पण दोन्हींत फरक असू द्या. पहिल्यात पात्र मागतंय, दुसऱ्यात लपवतंय, असा.

काम मिळण्याचा सर्वांत चांगला पहिला मार्ग म्हणजे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटसारख्या संस्थांमधल्या विद्यार्थ्यांचे लघुपट आणि डिप्लोमा फिल्म. पैसे थोडे असतात, पण शिकून तयार होत असलेला कॅमेरामन, खरा सिंक साऊंड (चित्रीकरणाच्या वेळीच टिपलेला आवाज) आणि वेळ घेऊन केलेली लायटिंग मिळते. अशा दोन फिल्म्स वर्षभर मुंबईतल्या आरामनगरमध्ये जाहिरातींच्या ऑडिशन देत फिरण्यापेक्षा जास्त शिकवतात. एकच अट आधी लेखी मागा: फिल्म पूर्ण झाल्यावर तुमच्या कामाचा तुकडा रीलसाठी मिळेल.

संहिता हातात आल्यावर

नाटकाला तीस-चाळीस दिवसांची तालीम असते आणि गोष्ट क्रमाने अंगात मुरते. सिनेमात शेवटचा प्रसंग पहिल्या दिवशी येऊ शकतो, कारण ते घर त्याच दिवशी मिळालेलं असतं. त्यामुळे तालमीचं काम वहीत करावं लागतं. प्रत्येक सीनसमोर पाच रकाने आखा: सीनचा क्रमांक, गोष्टीतला कितवा दिवस, आदल्या क्षणी काय घडलं, शरीराची अवस्था, आणि पात्राला या क्षणापर्यंत काय माहीत आहे.

समजा सीन ४७ आहे. बाई रेशनच्या दुकानातून रिकाम्या पिशवीने घरी येते आणि नवऱ्याला म्हणते, ‘उद्या बोलावलंय.’ वहीत लिहायचं: गोष्टीतला सहावा दिवस, दोन तास रांगेत उभी होती, पुढे दोघंच असताना दुकान बंद झालं, पाय भरून आलेत, सकाळपासून फक्त चहा, नवऱ्याची नोकरी गेलीय हे तिला अजून माहीत नाही. ही शेवटची नोंद जीव वाचवते. कारण नोकरी गेल्याचं कळण्याचा सीन गोष्टीत पुढे येत असेल, पण आदल्याच दिवशी चित्रित झालेला असेल, तर नटीच्या डोळ्यांत ती माहिती शिल्लक राहते आणि ‘उद्या बोलावलंय’ विनाकारण रडवेलं होतं.

वाचनासाठी दोन-तीन दिवस मागून घ्या. स्वतंत्र सिनेमाचे दिग्दर्शक याला सहसा तयार असतात. मात्र त्या वाचनात संवादांच्या जागा पक्क्या करू नका. नाटकवाला तिसऱ्या वाचनालाच सूर बसवून टाकतो आणि मग सेटवर समोरच्याने काहीही वेगळं केलं तरी त्याची चाल बदलत नाही.

सेटवर

मार्क म्हणजे जमिनीवरची टेप. तिच्याकडे न बघता तिच्यावर येऊन थांबायचं असतं. युक्ती अशी: आधी मार्कवर उभे राहा, मग ज्या वाटेने यायचंय त्याच वाटेने उलटं चालत पावलं मोजा. सात पावलं मागे गेलात तर तिथूनच, त्याच पायाने निघा. जोडीला डोळ्यांच्या पातळीवरच्या दोन वस्तू हेरून ठेवा, म्हणजे मार्कवर आल्यावर दाराची चौकट आणि मागचं कॅलेंडर एका रेषेत येतं, असं काही. याची गरज का पडते? सुपर ३५ आकाराच्या सेन्सरच्या कॅमेऱ्यावर ८५ मिमीची लेन्स, अपर्चर २, आणि नट दीड मीटरवर असेल, तर फोकसमध्ये राहणारी पट्टी जेमतेम तीन सेंटिमीटरची असते. नाटकातल्या सवयीने एका पायावरून दुसऱ्यावर झुललात, की डोळे फोकसमधून गेले. क्लोजमध्ये वजन दोन्ही पायांवर ठेवा. पुढे झुकायचंच असेल तर तालमीत तसं सांगा, फोकस पुलर (फोकस सांभाळणारा सहायक) तुमच्याबरोबर येईल. उठताना-बसतानाही नेहमीपेक्षा किंचित सावकाश, नाहीतर डोकं चौकटीबाहेर जातं.

नजर. समोरच्याच्या दोन्ही डोळ्यांकडे आळीपाळीने बघायची आपल्याला सवय असते. क्लोजमध्ये त्यामुळे बुबुळं भिरभिरतात. लेन्सच्या जवळचा एकच डोळा धरा. प्रेक्षकांकडे तीन-चतुर्थांश उघडं राहायची रंगमंचावरची सवय इथे सोडून द्या. कॅमेऱ्याकडे पाठ फिरवूनही बोलता येतं, आणि उत्तम दिग्दर्शक ती पाठ मुद्दाम मागतात.

मास्टर (सगळा सीन एकत्र दिसणारा शॉट), सजेशन (समोरच्याच्या खांद्यावरून घेतलेला), क्लोज असा नेहमीचा क्रम असतो. नाटकवाला मास्टरमध्येच सगळं ओततो. तीन तासांनी क्लोज लागतो तेव्हा डोळे कोरडे. सकाळीच सहायक दिग्दर्शकाला विचारा की क्लोज केव्हा लागणार. डोळ्यांत पाणी येणारा सीन असेल तर क्लोज आधी घ्या असं सांगायला संकोचू नका. बाहेरच्या उजेडावर चाललेल्या कमी बजेटच्या शूटिंगला नेहमीच ते शक्य नसतं, पण आधी सांगितलं तर विचार होतो.

कंटिन्युइटीची, म्हणजे प्रत्येक शॉटमध्ये हालचाल सारखीच राहण्याची, किल्ली म्हणजे प्रत्येक कृती एका शब्दाला बांधणं. कप ‘भाऊ’ या शब्दाला उचलला, ‘पैसे’ म्हणून झाल्यावर ठेवला. असं बांधलं नाही तर संपादकाला दोन शॉट जोडता येत नाहीत, आणि तो तुमच्या चांगल्या टेकऐवजी जुळणारा टेक घेतो. जेवणाच्या सीनला फार सांभाळा. आठ टेक आणि तीन अँगल म्हणजे तोच घास चोवीस वेळा. चमच्यावर पोह्यांचे चार दाणे पुरतात. पहिल्या मास्टरमध्ये तोंड भरून खाणाऱ्याला दुपारी तेच करत राहावं लागतं.

आवाजाचं खातं नाटकवाल्याला नवं असतं. लेपल माइक छातीवर कपड्याखाली चिकटवतात. खळ केलेलं नवं सुती कापड आणि रेशीम खरखरतं, म्हणून लुक टेस्टलाच (वेशभूषा-रंगभूषेच्या चाचणीलाच) कपडे साऊंडवाल्याला ऐकवा. बांगड्या आतून टेपने एकमेकींना चिकटवाव्या लागतात, मंगळसूत्राचे मणी माइकवर आपटू नयेत म्हणून आतल्या बाजूने टेप लावतात. भांडं ठेवायचं ते दोन वाक्यांच्या मध्ये, शब्दावर कधीच नाही. क्लोज चालू असताना कॅमेऱ्यामागून संवाद देणाऱ्याच्या वाक्यावर तुमचं वाक्य चढू देऊ नका, नाहीतर दोन्ही आवाज कायमचे चिकटले. तालमीला जेवढा आवाज दिला तेवढाच टेकला द्या. आयत्या वेळी किंचाळलात तर आवाज फाटतो आणि डबिंगला बसावं लागतं. सीन संपल्यावर रूम टोन, म्हणजे त्या जागेच्या शांततेचा आवाज, घेतात, तेव्हा तीस सेकंद ते मिनिटभर सगळ्यांनी निश्चल राहायचं असतं. पाय हलवणारा नटच असतो बहुधा.

‘कट’ ऐकू येईपर्यंत थांबू नका. संवाद संपल्यानंतरचे तीन-चार सेकंद संपादकाला सोन्यासारखे असतात.

स्वतंत्र सिनेमात लांब, न तोडलेले टेक पुष्कळ असतात आणि तिथे नाटकवाला घरच्या मैदानावर असतो. धोका एकच. पाचव्या टेकपर्यंत त्याला प्रयोगासारखी लय सापडते आणि प्रत्येक टेक गाण्यासारखा ठरल्या ठेक्यावर येतो. हालचाली, शब्द, मार्क तेच ठेवून आतली एक गोष्ट बदलत जा. या टेकला त्याने थांबावं असं वाटतंय, पुढच्या टेकला त्याने एकदाचं जावं.

बारा तासांच्या शिफ्टमध्ये बहुतेक वेळ वाट बघण्यात जातो. प्रयोगाला तिसरी घंटा असते, शरीर तिच्या हिशेबाने तापतं. इथे घंटा नाही. सहायकाला शॉटच्या पंधरा मिनिटं आधी सांगायला सांगा, आणि स्वतःची सात-आठ मिनिटांची ठरावीक तयारी ठेवा: श्वास, जबडा, मान, वहीतली त्या सीनची ओळ. बाकीच्या वेळी खुशाल झोपा. दिवसभर पात्रात राहणारे संध्याकाळच्या सीनला थकलेले असतात. मॉनिटरवर आपले टेक पहिला आठवडा तरी बघू नका. बघितलं की पुढच्या टेकला नट स्वतःचा चेहरा सांभाळायला लागतो.

नवख्यांसोबत काम आणि बोली

मराठी स्वतंत्र सिनेमात तुमच्यासमोर पुष्कळदा कधीच अभिनय न केलेली माणसं असतात. ‘कोर्ट’मध्ये (२०१४) गीतांजली कुलकर्णींसारखी रंगभूमीवर घडलेली नटी आणि चळवळीतले कार्यकर्ते वीरा साथीदार एकाच गोष्टीत होते. नवखा माणूस प्रत्येक टेकला वेगळं बोलतो, कधी शब्द गाळतो, कधी मध्येच हसतो. त्याला क्यू शिकवायला जाऊ नका. तो अभिनय करायला लागला की ज्यासाठी त्याला घेतलं तेच संपतं. त्याने चुकीचं वाक्य म्हटलं तर त्याच वाक्याला उत्तर द्या. दोघांची कंटिन्युइटी मात्र तुम्हालाच सांभाळायची आहे. त्याच्याशेजारी तुमचं बोलणं फार घोटलेलं वाटत असेल, तर उच्चार जास्त स्वच्छ असणं हेच बहुधा कारण असतं.

बोलीचा प्रश्न याहून गंभीर आहे. मालवणी, वऱ्हाडी, अहिराणी यांचा रंगमंचावर रुळलेला एक विनोदी साचा आहे, आणि आपल्या तोंडात नकळत तोच येतो. दिग्दर्शकाला सांगून आठ-दहा दिवस आधी त्या गावात जा. पात्राच्याच वयाच्या, त्याच कामधंद्याच्या, त्याच समाजातल्या दोन-तीन माणसांची परवानगी घेऊन त्यांचं बोलणं रेकॉर्ड करा. गोष्टी सांगताना नव्हे, तर दुकानात उधारी मागताना, फोनवर मुलाला रागावताना. शब्दांआधी वाक्याचा चढउतार आणि बोलण्याचा वेग उचला. शब्द नंतर आपोआप बसतात.

तारखा, दाढी, करार

तुमच्या ग्रुपला किमान दोन महिने आधी सांगा आणि तुमच्या भूमिकेसाठी बदली नट तयार करायला स्वतः मदत करा. प्रायोगिक संस्था मोजक्या माणसांवर चालते. एक जण न सांगता गेला तर प्रयोग पडतो आणि वर्षानुवर्षांचे संबंध तुटतात. निर्मात्याला प्रयोगांच्या तारखा प्रवासाच्या अर्ध्या दिवसांसकट लिहून द्या.

दाढी आणि केस हा हसण्यावारी नेण्याचा विषय नाही. चित्रीकरण संपलं तरी दोन-चार महिन्यांनी पॅचवर्क (राहिलेल्या तुकड्यांचं चित्रीकरण) निघतं आणि तोवर नाटकासाठी दाढी काढलेली असते. शेवटच्या दिवशी चारही बाजूंनी फोटो घ्या, दाढीची लांबी मोजून ठेवा आणि पॅचवर्क लागणार का हे कळेपर्यंत कात्री लावू नका.

करार एका पानाचा असला तरी लेखी हवा. त्यात चित्रीकरणाचे दिवस, बारा तासांपुढचा मोबदला, दोन शिफ्टमधली विश्रांती, डबिंग आणि पॅचवर्कचे दिवस मानधनात धरलेत की वेगळे, प्रवास-मुक्काम, श्रेयनामावलीतलं स्थान आणि रीलसाठी तुकडा वापरायची परवानगी, एवढं स्पष्ट असू द्या. जवळिकीचे प्रसंग असतील तर नेमकं काय दिसणार, सेटवर कोण असणार, मॉनिटर कोण बघणार आणि न वापरलेल्या फुटेजचं काय होणार, हे शूटिंगच्या सकाळी नाही, सही करताना ठरतं.

स्वतंत्र सिनेमात मानधनाचा काही भाग पुढे ढकलतात. त्याला नाही म्हणायचं कारण नाही, पण ‘सिनेमा विकला की देऊ’ हे वाक्य पुरेसं नाही. कुठल्या विक्रीनंतर, किती दिवसांत, आणि विक्री झालीच नाही तर कुठल्या तारखेपर्यंत किमान किती, हे आकड्यांत लिहून घ्या. निव्वळ नफ्यातला हिस्सा स्वीकारताना सावध राहा. महोत्सवांचा प्रवास, प्रसिद्धी, व्याज असं सगळं वजा होऊन त्या ओळीखाली सहसा काही उरत नाही. हिस्सा घ्यायचाच तर येणाऱ्या एकूण रकमेतला, मग तो कितीही लहान असो. मानधनातून टीडीएस कापला जातो, तो तुमच्या पॅनवर जमा झालाय का हे आयकर खात्याच्या संकेतस्थळावर तपासा. कापलेला पण न भरलेला कर ही छोट्या निर्मात्यांकडे वारंवार होणारी चूक आहे. पैसे अडकले तर सिने अँड टीव्ही आर्टिस्ट्स असोसिएशन सभासदांच्या तक्रारी घेते, पण तिथेही पहिला प्रश्न लेखी कराराचाच येतो.

परत रंगमंचावर

महिनाभराच्या शूटिंगनंतर आवाज आखडलेला असतो आणि नटाला ते कळत नाही, कारण कानांना एक मीटरची सवय झालेली असते. पहिल्या प्रयोगाआधी किमान तीन दिवस रिकाम्या सभागृहात संवाद पूर्ण आवाजात म्हणून काढा, आणि नाटक पाठ नसलेल्या एखाद्याला शेवटच्या रांगेत बसवा. त्याला फक्त एक काम द्या: जे शेवटचे शब्द ऐकू आले नाहीत ते कागदावर लिहायचे. पहिल्या दिवशी ती यादी लांब असते. तिसऱ्या दिवशीही पाच-सहाहून जास्त शब्द राहिले असतील, तर प्रयोगाच्या दिवशी दुपारी आणखी एकदा बसा.